डबलसीट बसणं हा गुन्हा नाही

अपघातात पाय मोडलेल्या बाईनं नुकसानभरपाईचा दावा केला, की तिच्याबद्दल एक वाक्य हमखास बोललं जातं: "अपघाताचं भांडवल केलं." ठाण्यात गोखले रोडवरच्या दुकानात, घंटाळीच्या देवळाबाहेर, सोसायटीच्या मीटिंगमध्ये, लग्नाच्या पंगतीत हे वाक्य माझ्या कानावर पडलं आहे. बोलणारी माणसं वाईट नसतात. अपघाताच्या रात्री हीच माणसं हॉस्पिटलात डबा घेऊन धावलेली असतात. पण जखमी माणूस कोर्टाची पायरी चढला की त्यांची माया आटते. त्यातून तो गाडी चालवणारा नसून नुसता मागे बसलेला असेल, तर त्याला थेट लोभी ठरवलं जातं.

त्यांचं म्हणणं काहीही न लपवता मांडते. गाडी चालवणाऱ्यानं दावा केला तर एक वेळ समजू शकतो. मागे बसणारीचा काय संबंध? ना लायसन्स तिचं, ना गाडी तिची, ना विम्याचा हप्ता तिनं भरला. आपल्या मर्जीनं बसली. डोक्यावर हेल्मेट नव्हतं. हॉस्पिटलचं बिल मेडिक्लेमनं चुकतं केलं. हाड जुळलं, बाई हिंडती-फिरती आहे. मग लाखांचा आकडा आला कुठून? वर दावा कोणावर, तर ज्या नवऱ्याच्या गाडीवर बसली त्याच्यावरसुद्धा! एकूण हा वकिलांचा धंदा, आणि त्याचा भुर्दंड आपण सगळे विम्याच्या हप्त्यातून भरतो.

यातला एकही मुद्दा तपासला तर टिकत नाही. काही मुद्दे चुकीचे आहेत, काही निर्दय आहेत, आणि सगळे मिळून ज्या माणसाची अपघातात कणभरही चूक नव्हती त्यालाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करतात.

आमच्या इमारतीत एक ताई राहतात. इमारत जुनी, तीन मजली, लिफ्ट नाही. नौपाड्यात अशा इमारती अजून पुष्कळ आहेत. ताई पोळी-भाजी केंद्रात पोळ्या लाटायच्या. नवऱ्याच्या स्कूटरवर मागे बसून घरी येताना बाजूनं आलेल्या मोटारीनं धडक दिली आणि त्यांच्या घोट्याचा चुरा झाला. आत प्लेट आहे, स्क्रू आहेत. आज त्या चालतात, आणि चालतात एवढंच लोकांना दिसतं. दुसऱ्या मजल्यावरून उतरताना त्या कठडा धरून एक पाय खालच्या पायरीवर टेकवतात, मग दुसरा त्याच पायरीवर आणतात, मग पुढची पायरी. भाजीची पिशवी हातात असली तर ती आधी दोन पायऱ्या खाली ठेवतात आणि मग स्वतः उतरतात. तव्यापुढे चार तास उभं राहणं आता जमत नाही. केंद्राच्या मालकिणीनं काही महिने वाट पाहिली आणि मग दुसरी बाई ठेवली, त्यात तिचंही काही चुकलं नाही. ताईंनी दावा दाखल केल्याचं कळलं तेव्हा त्यांच्याच मजल्यावरचे एक गृहस्थ मला म्हणाले, "चालतेय ना आता चांगली? मग कशाला?"

या "कशाला"चं उत्तर सर्वोच्च न्यायालयानं 'राजकुमार विरुद्ध अजयकुमार' या निकालात दिलेलं आहे, आणि देशभरातली मोटार अपघात दावा न्यायाधिकरणं ते रोज वापरतात. शरीराचं अपंगत्व किती टक्के हा एक प्रश्न; त्या अपंगत्वामुळे त्या माणसाची कमाई किती घटली हा वेगळा प्रश्न. न्यायालयानं उदाहरण दिलं आहे ते हाताचं. डावा हात गेला तर वैद्यकीय दाखल्यावर आकडा एकच येईल, पण सुताराची किंवा ड्रायव्हरची कमाई जवळपास पूर्ण बुडेल आणि सरकारी कारकुनाची नोकरी कदाचित टिकेल. म्हणजे घोटा कोणाचा मोडला हे बघावं लागतं. टेबलामागे बसून काम करणाऱ्याचा घोटा आणि तव्यापुढे उभं राहून पोट भरणाऱ्या बाईचा घोटा यांचं नुकसान सारखं नसतं. हाड जुळल्याचा एक्स-रे दाखवून हा फरक मिटत नाही.

आता तो डोळ्यांत खुपणारा लाखांचा आकडा. तो वकिलाच्या मनात येतो म्हणून लिहिला जात नाही, त्याचं गणित ठरलेलं आहे. एक उदाहरण कागदावर मांडू. बाईचं वय ३८, कमाई महिना २०,००० रुपये, काम करण्याची क्षमता २५ टक्के घटली. वर्षाची कमाई २,४०,०००. चाळिशीच्या आतल्या आणि पगाराची पक्की नोकरी नसलेल्या माणसासाठी पुढच्या वाढीचे ४० टक्के त्यात मिळवायचे. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या घटनापीठाच्या निकालानं हे ठरवून दिलं. झाले ३,३६,०००. या वयाला २००९ पासून गुणक १५ आहे. गुणाकार ५०,४०,०००, त्याचे २५ टक्के म्हणजे १२,६०,०००. आकडा मोठा दिसतो. पण साठीपर्यंतच्या २२ वर्षांवर, म्हणजे २६४ महिन्यांवर तो पसरून बघा: महिन्याला साधारण ४,७७० रुपये. अपघाताआधीच्या महिन्याच्या कमाईचा पाव हिस्सासुद्धा ५,००० होतो. यात लोभ कुठे आहे? जे हातातून गेलं ते पुरतं परत मिळत नाही, आणि जे मिळतं तेही वर्षानुवर्षं तारखा घेतल्यावर.

बाई नोकरी करत नसेल तर काहींचा आवाज आणखी चढतो: "घरीच तर असते, तिचं कसलं नुकसान?" असं म्हणणाऱ्यांनी जानेवारी २०२१ चा 'कीर्ती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स' हा निकाल वाचावा. सरकारच्याच २०१९ च्या वेळ-वापर पाहणीचा आधार त्यात घेतला आहे: घरातल्या बिनपगारी कामात बायका दिवसाला सरासरी २९९ मिनिटं घालवतात, पुरुष ९७. गृहिणीच्या कामाला पैशात मोल आहे आणि भरपाई ठरवताना ते धरलंच पाहिजे, हे न्यायालयानं पुन्हा एकदा ठामपणे सांगितलं. डबलसीट बसणाऱ्यांत बायका किती असतात हे संध्याकाळी तीन हात नाक्यावर पाच मिनिटं उभं राहिलं तरी कळतं. मागे बसणाऱ्याच्या दाव्याबद्दलचा हा राग बऱ्याच वेळा बाईच्या कमाईबद्दलचा जुना तिटकारा असतो, असं मला स्पष्ट वाटतं. पुरुष मागे बसलेला असेल तर "बिचाऱ्याची नोकरी गेली" असं म्हणताना मी हीच माणसं ऐकली आहेत.

मेडिक्लेमचा मुद्दा झटकन संपवता येतो, कारण मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं २८ मार्च २०२५ रोजी तो संपवला आहे. मेडिक्लेममधून मिळालेली रक्कम अपघाताच्या भरपाईतून वजा करता येत नाही. मेडिक्लेमचा हप्ता जखमी माणसानं स्वतःच्या खिशातून वर्षानुवर्षं भरलेला असतो. त्याच्या काटकसरीचा फायदा धडक देणाऱ्याच्या विमा कंपनीला का मिळावा? शिवाय हॉस्पिटलचं बिल हा नुकसानीचा एक भाग झाला. रिक्षाचं भाडं, फिजिओथेरपी, घरी ठेवलेली बाई, बुडालेला पगार, सोसलेल्या वेदना, पुढे प्लेट काढण्याचं ऑपरेशन, हे कोणत्या मेडिक्लेमनं भरलं?

"आपल्या मर्जीनं बसली" हा आक्षेप मला सगळ्यांत जास्त संतापजनक वाटतो. स्कूटरवर मागे बसलेल्या माणसाच्या हातात काय असतं? ब्रेक नाही, हँडल नाही, आरसा नाही. समोर दिसते ती चालवणाऱ्याची पाठ. वेग किती ठेवायचा, सिग्नल पिवळा असताना घुसायचं की थांबायचं, डंपरच्या डावीकडून काढायचं की मागे राहायचं, यातलं काहीही त्याला ठरवता येत नाही. अपघात घडवण्यात ज्याचा हात असूच शकत नाही असा त्या गाडीवरचा तो एकमेव माणूस. कायदा हे ओळखतो. दोन वाहनांच्या चालकांची चूक मिळून तिसऱ्याला इजा झाली, तर त्या तिसऱ्याला संपूर्ण भरपाई दोघांपैकी कोणाकडूनही वसूल करता येते. त्या दोघांनी आपसातला हिशेब नंतर करावा, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१५ मध्ये स्पष्ट केलं आहे. म्हणजे मोटारवाल्याच्या विमा कंपनीनं "स्कूटरवाल्याचीही चूक होती" असं म्हणून मागे बसलेल्या बाईचे पैसे कापायचे नाहीत. नवऱ्याची चूक बायकोच्या खात्यावर लावता येत नाही.

ट्रिपलसीटबद्दलसुद्धा हेच. तिघं बसणं बेकायदा आहेच. मोटार वाहन कायद्याच्या कलम १९४ सी खाली हजार रुपये दंड आहे, आणि तो व्हायलाच हवा. पण दिल्लीतल्या एका अपघातात मोटारसायकलला मोटारीनं मागून धडक दिली, मागे बसलेला तरुण गेला, आणि उच्च न्यायालयानं तिघं बसले होते म्हणून भरपाईतून १० टक्के कापले. ८ जानेवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयानं ती कपात रद्द केली. तिघं बसल्यामुळे अपघात झाला किंवा इजा वाढली, असा संबंध दाखवल्याशिवाय नुसत्या ट्रिपलसीटवरून निष्काळजीपणा धरता येत नाही. नियम मोडला त्याचा दंड वेगळा भरा. मागून ठोकणाऱ्याची जबाबदारी त्यामुळे कमी होत नाही.

हेल्मेटच्या बाबतीत मी कुणापेक्षा कमी आग्रही नाही. २०२२ मध्ये देशात हेल्मेट न घातलेल्या ५०,०२९ दुचाकीस्वारांचा अपघातात जीव गेला आणि त्यांतले १४,३३७ मागे बसलेले होते. मागच्या माणसालाही हेल्मेट सक्तीचं आहे, ते घाला, घरातल्या प्रत्येकासाठी घ्या. डोक्याच्या दुखापतीत हेल्मेट नसल्यानं इजा किती वाढली हे कोर्ट तपासू शकतं, तपासावं. पण घोटा मोडलेल्या बाईला हेल्मेटबद्दल विचारण्याचा काय अर्थ आहे? हेल्मेट नव्हतं म्हणून बाजूच्या मोटारवाल्यानं सिग्नल तोडला का? हेल्मेटचा प्रश्न विचारणाऱ्यांतल्या बहुतेकांना सुरक्षिततेशी देणंघेणं नसतं. त्यांना जखमीचा दावा कुठून तरी पाडायचा असतो.

आता "नवऱ्यावरच केस टाकली" हा शेरा. दाव्याच्या अर्जात चालक, मालक आणि विमा कंपनी हे सामनेवाले असतात, कारण विमा कंपनीची जबाबदारी त्यांच्या जबाबदारीतून येते. नवऱ्याचं नाव सामनेवाला म्हणून लिहिलं म्हणजे बायको त्याच्याविरुद्ध उठली असा अर्थ होत नाही. पॉलिसीत जोखीम घेतलेली असेल तर पैसे कंपनी देते, आणि ती जोखीम घेण्याचा हप्ता त्याच नवऱ्यानं भरलेला असतो. तरी या शेऱ्याची भीती इतकी खोल आहे, की तिचे परिणाम मी कागदावर पाहिले आहेत. अपघातानंतर हॉस्पिटलात पहिला प्रश्न असतो, "कसं झालं?" सोबतचा नातेवाईक, नवऱ्याचं किंवा मुलाचं नाव पोलिसांत जायला नको म्हणून, सांगून टाकतो, "घरात पाय घसरला." केसपेपरच्या पहिल्याच ओळीत ते उतरतं. पोलिसांत कळवलं जात नाही, एमएलसी, म्हणजे मेडिको-लीगल केसची नोंद, होत नाही, पंचनामा होत नाही. पुढे दावा उभा राहिला की उलटतपासात कंपनीचे वकील ती एकच ओळ पुढे करतात आणि विचारतात, "तुम्ही घरात पडलात असं इथे लिहिलंय, हे बरोबर आहे का?" एफआयआरला उशीर झाला एवढ्यावरून खरा दावा फेटाळू नये, सामान्य माणूस आधी जखमीकडे बघतो, असं सर्वोच्च न्यायालयानं २०११ मध्ये सांगितलं आहे. पण उशीर वेगळा आणि आपल्याच तोंडून नोंदवलेलं खोटं कारण वेगळं. त्यातून सुटणं फार अवघड जातं. घरच्या अब्रूच्या नावाखाली घरच्याच बाईचा हक्क बुडतो आणि फायदा विमा कंपनीला होतो. "घरच्यावर केस" असं कुजबुजणाऱ्यांनी आपल्या कुजबुजीची ही किंमत ओळखावी.

खोटे दावे होतात का? होतात. उत्तर प्रदेशात अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या आदेशावरून त्यांच्या चौकशीसाठी विशेष तपास पथक नेमावं लागलं, आणि पुढे ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयातही गाजलं. न झालेला अपघात दाखवणारा, भलतीच गाडी उभी करणारा, दाखल्यावर टक्के वाढवून देणारा, या सगळ्यांना तुरुंगात घाला. पण चोर सापडला म्हणून रांगेतल्या प्रत्येकाची झडती घ्यायची, आणि लंगडत आलेल्या बाईकडे आधी संशयानं बघायचं, हा कुठला न्याय? खोटा दावा पकडण्यासाठी कंपनीकडे तपासनीस आहेत, डॉक्टर आहेत, वकिलांची फौज आहे. जखमी माणसाकडे प्लास्टिकच्या पिशवीत भरलेली बिलं आहेत.

आणि हप्ता वाढतो म्हणून कण्हणाऱ्यांनी स्वतःची पॉलिसी काढून बघावी. ११० सीसीच्या स्कूटरचा थर्ड पार्टीचा वर्षाचा हप्ता जून २०२२ मध्ये लागू झालेल्या दरांनुसार ७१४ रुपये आहे, कर वेगळा. आपल्या हातून दुसऱ्याचं आयुष्य मोडलं तर ते सावरण्याची सोय त्या पैशांत होते. विमा १९३९ च्या कायद्यापासून सक्तीचा आहे तो याचसाठी. रस्त्यावर जखमी झालेल्यांना पैसे मिळू नयेत अशी इच्छा असेल, तर मग हा विमा आपण कशासाठी भरतो?

पॉलिसी काढलीच आहे तर आणखी एक गोष्ट तिच्यात बघा. खरा अन्याय तिथे आहे, आणि त्याबद्दल कट्ट्यावर कोणी चकार शब्द काढत नाही. वर "लायबिलिटी ओन्ली" किंवा नुसतं "थर्ड पार्टी" असं छापलं असेल, तर तुमच्या मागे बसणारं माणूस त्या विम्यात नाही. २००६ आणि २००८ या दोन वर्षांतल्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांनी हे पक्कं केलं: कायद्यानं सक्तीच्या केलेल्या विम्यात खासगी दुचाकीवर मागे बसलेला माणूस धरलेला नाही. दुसऱ्या वाहनानं ठोकलं तर त्या वाहनाच्या विम्यासाठी तो तिसरा पक्ष असतो आणि त्याला भरपाई मिळते. पण पावसात घोडबंदर रोडवर गाडी एकटीच घसरली, चूक चालवणाऱ्याची निघाली आणि मागे बसलेल्या आईचा मणका मोडला, तर "थर्ड पार्टी"वाली कंपनी हात झटकते. त्याच स्कूटरनं रस्त्यानं चालणाऱ्या अनोळखी माणसाला धडक दिली असती तर तीच कंपनी पैसे देण्यास बांधील होती. रस्त्यावरचा अनोळखी माणूस विम्यात, आणि पाठीला टेकून बसलेली आई विम्याबाहेर. हे कोणाला न्याय्य वाटतं?

ज्याला आपण फुल इन्शुरन्स म्हणतो त्या पॅकेज पॉलिसीत मागे बसणारा येतो. विमा नियामक प्राधिकरणानं १६ नोव्हेंबर २००९ च्या परिपत्रकानं कंपन्यांना हे बजावलं आणि २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही ते मान्य केलं. पण फुल इन्शुरन्स राहतो किती जणांकडे? सप्टेंबर २०१८ पासून नवी दुचाकी घेताना थर्ड पार्टी विमा एकदम पाच वर्षांचा घ्यावा लागतो. गाडीच्या स्वतःच्या नुकसानीचा भाग मात्र एका वर्षाचा घेता येतो. वर्ष संपतं. मालक म्हणतो, पाच वर्षांचा विमा आहेच की. तो भाग नूतनीकरणाशिवाय संपतो, आणि "आता ही फक्त थर्ड पार्टी पॉलिसी उरली" असं म्हणायला कंपनी मोकळी होते. शोरूममधला विक्रेता हे सांगत नाही, एजंट सांगत नाही. नौपाड्यापासून डोंबिवलीपर्यंत कुठेही, रोज बायकोला स्टेशनवर सोडणाऱ्या माणसाला आपण तिला विम्याशिवाय नेतो आहोत याची कल्पनाही नसते. पैसे देऊन बसणाऱ्यांचंही असंच आहे. राज्यानं २०२५ मध्ये इलेक्ट्रिक बाइक टॅक्सीला परवानगी दिली, पण पांढऱ्या नंबरप्लेटच्या खासगी गाडीवर ॲपवरून भाडं घेऊन कोणी नेलं आणि अपघात झाला, तर कंपनी अटीभंगाचा बचाव घेणार हे उघड आहे.

आमचे रस्ते तर वेगळेच. जुलै २०१८ मध्ये कल्याणच्या शिवाजी चौकात पाण्यानं भरलेल्या खड्ड्यात दुचाकी घसरली, मागे बसलेली बाई खाली पडली आणि बसच्या चाकाखाली आली. सीसीटीव्हीतलं ते दृश्य साऱ्या राज्यानं पाहिलं. तिनं कोणती चूक केली होती? १३ ऑक्टोबर २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयानं खड्डे आणि उघड्या मॅनहोलमुळे मृत्यू झाल्यास ६ लाख आणि जखमींना ५० हजार ते अडीच लाख भरपाई देण्याचा आदेश महापालिकांना आणि रस्त्यांच्या इतर यंत्रणांना दिला. इतक्या वर्षांनी हे झालं ते लोकांनी कोर्टात पिच्छा सोडला नाही म्हणून. "नशीब" म्हणून घरी बसलेल्यांमुळे एकही खड्डा बुजला नाही.

दावा करणाऱ्याला हिणवण्याचा सर्वांत मोठा फटका वेळेला बसतो. दावा दाखल करण्याची, १९९४ मध्ये काढून टाकलेली सहा महिन्यांची मुदत १ एप्रिल २०२२ पासून पुन्हा लागू झाली. नोव्हेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं केवळ मुदत उलटली म्हणून दावे फेटाळू नका असं सांगितलं, पण तो आदेश अंतरिम आहे, त्यावर विसंबून राहू नये. सहा महिन्यांतले पहिले दोन-तीन प्लास्टरमध्ये जातात आणि उरलेले "लोक काय म्हणतील" यात. म्हणून ज्यांच्या घरात असा अपघात झाला असेल त्यांनी एवढं करावं: हॉस्पिटलात खरं कारण सांगा, पोलिसांत नोंद करा. पोलिसांनी ४८ तासांत पहिला अहवाल न्यायाधिकरणाला पाठवायचा असतो आणि १० दिवसांत जखमीला त्याचे हक्क सांगणारा फॉर्म द्यायचा असतो. तो मागून घ्या. कंपनीनं कलम १६४ खाली गंभीर दुखापतीचे ठरीव अडीच लाख पुढे केले तर लगेच सही करू नका, ते स्वीकारलं की मोठा दावा संपतो. अपघात कुठेही झालेला असो, ठाण्यात राहणाऱ्याला कोर्ट नाक्यावरच अर्ज करता येतो.

आणि सरकारला एकच सांगणं आहे. मोटार वाहन नियमांतला नियम १२३ सांगतो, की दुचाकीला मागे बसणाऱ्यासाठी धरायला हँडल, पाय ठेवायला फूटरेस्ट आणि कपडे अडकू नयेत म्हणून मागच्या निम्म्या चाकावर गार्ड असलंच पाहिजे. कलम १२९ त्याच्या डोक्यावर हेल्मेट मागतं, ते नसेल तर कलम १९४ डी हजाराचं चलान फाडतं. गाडी बनवताना मागचा माणूस तुम्हाला दिसतो, दंड करताना दिसतो. विमा सक्तीचा करताना मात्र तो दिसत नाही. कलम १४७ मध्ये दुरुस्ती करा आणि मागच्या सीटवरच्या माणसाला सक्तीच्या विम्यात घ्या. त्यासाठी हप्ता काही रुपयांनी वाढणार असेल तर वाढवा, आम्ही भरू. तोवर विकल्या जाणाऱ्या प्रत्येक थर्ड पार्टी पॉलिसीच्या पहिल्या पानावर मराठीत, ठळक अक्षरांत छापा: या विम्यात मागे बसणारी व्यक्ती समाविष्ट नाही.